उलट्या बाह्या

“तुझ्या हातचा चहासुद्धा नको मला!” सासूबाईंनी कप असा काही सरकवला, की अर्धा चहा बशीत आणि उरलेला चटईवर...

राग येणार नाही तर काय! शिवणकारखान्यात कपडे तपासायची जागा रिकामी झाली होती. पंख्याखालचं टेबल, पाठ टेकायला खुर्ची! मालकीणबाईंनी सासू-सुनेला एकेक शर्ट शिवायला लावला. जिचा सरस, तिची खुर्ची. सून पोटुशी. तिने दिवसभर मशीनवर वाकून बसायचं, हे सासूबाईंना कसं बघवणार? म्हणून त्या माउलीने काळजावर दगड ठेवून, जन्मात पहिल्यांदा, कॉलर मुद्दाम उलटी शिवली... आणि या महामायेने काय करावं? डावी बाही उजवीकडे, उजवी डावीकडे! खुर्ची गेली कारखान्यातच शिवणाऱ्या शेजारच्या बडबडीला, आणि दोन्ही शर्ट उसवायला घरी आले.

“लक्ष कुठे होतं गं तुझं?”

“चुकलं, आई...” सुनेने मान खाली घातली.

सासूबाई फणफणत तिचा शर्ट उसवायला बसल्या. पण टाका काही केल्या सुटेना! शिवण बारीक, सरळ, वर दुहेरी शिलाई. वेंधळेपणाने लावलेली बाही अशी असते होय? त्यांचा हात थबकला.

“मुद्दाम केलंस ना?”

सुनेचा बांध फुटला. “कुशीवर वळताना कशा कण्हता तुम्ही, ते ऐकते ना मी! तुमच्या कंबरेला खुर्ची हवी होती, आई... पण तुमची कॉलर कशी हो उलटी झाली?”

सासूबाईंनी उलट्या कॉलरचा शर्ट तिच्यापुढे धरला. डोळेच काय ते बोलले, घळाघळा!

“वेडे! चूकच करायची होती, तर कच्चा टाका घालायचास!”

“सवय नाही ना हो तशी!”

रडता रडता दोघी अशा काही हसत सुटल्या, की बडबडी भिंतीपलीकडून धावत आली. सगळं ऐकून तिलाही हुंदका आवरेना.

“मला कुठलं एका जागी गप्प बसवतंय! उद्या मालकीणबाईंना सांगते, खुर्ची यांच्या घरी द्या. बोला, कुणाचं नाव सांगू?”

“हिचं!” “यांचं!” दोघी एकदमच ओरडल्या.

“मग पोटातल्याचं सांगते. त्याला काही नाही म्हणता येणार नाही, आणि आईशिवाय बसताही येणार नाही!”

सून तोंड उघडणार, तोच सासूबाईंनी तिला घट्ट छातीशी धरलं. जिंकल्या होत्या त्या, आणि तरी जास्त रडत होत्या त्याच!