सेल्मिराची अकरा मिनिटं

तो माते चहाचा पेला इकडे द्या, आणि ते मोबाइल खिशात ठेवा. रुफिनो बेंतोसनं हे मला स्वतः सांगितलंय, आणि रुफिनो दारूचे चार पेले पोटात गेल्यावरही खोटं बोलत नाही.

मागच्या ऑगस्टची सतरा तारीख, शनिवार. संध्याकाळी सहाला रुफिनो हत्यारांची पेटी घेऊन आपल्या मर्सेदेस गावच्या नाट्यगृहात गेला, पियानोचे सूर लावायला. नऊला कार्यक्रम होता. त्याच्याच मेहुण्याचा, लेआंद्रो इराझाबालचा. हे गृहस्थ संगीतकार! संगीत कसलं, तर पियानोपुढे बसायचं, हात वर धरायचे आणि काही म्हणजे काही वाजवायचं नाही. बोलाचीच कढी, बोलाचाच भात. तरी राजधानीतून, मोंतेविदेओहून शहाणी माणसं येऊन माना डोलवायची, आणि ह्याचं नाक आणखी बोटभर वर चढायचं.

रुफिनोची धाकटी बहीण सेल्मिरा ह्याला दिलेली. पोरीला कांदा चिरतानाही गुणगुणायची सवय. लग्नाच्या दुसऱ्याच दिवशी ह्यानं तिला दटावलं, "माझी शांतता मोडते." मग एकोणीस वर्षं ती त्या घरात पाऊल न वाजवता वावरली. तीन हिवाळ्यांपूर्वी देवाघरी गेली, तीही आवाज न करता. आणि आता हा बेशरम तिच्याच नावानं अकरा मिनिटांची रचना मांडून बसला होता: 'सेल्मिराची अनुपस्थिती'.

"दाजी, वाजवायचंच नाही तर सूर कशाला लावायचे?" रुफिनोनं विचारलं.

"तुला नाही कळायचं. न वाजलेला सूरसुद्धा शुद्ध हवा."

"बरं. नंतरचं जेवण तरी खरं आहे, की तेही न वाढलेलं?"

"तोंड आवर. तुझी बहीणही अशीच होती. सारखी कटकट."

रुफिनोनं सूर लावून हत्यारांची पेटी बंद केली. पण रचनेला बहिणीचं नाव लागलं होतं, त्याचा पाय निघेना. मागच्या भिंतीला टेकून तो थांबला.

नऊ वाजून सात मिनिटांनी लेआंद्रोनं हात वर उचलले. सगळं चिडीचूप. पुढच्या रांगेत एक बाई डोळे मिटून डोलत होती. कशावर, देव जाणे.

चौथं मिनिट असेल. रुफिनोला ऐकू आलं.

पडद्यामागून. बाईचं गुणगुणणं. अगदी हळू... हातात काम असताना गुणगुणतात तसं.

त्यानं आवाज ओळखला.

लोक एकमेकांकडे बघून हसले. वा, काय युक्ती! पण लेआंद्रो हसत नव्हता.

आवाज पुढे सरकला. रंगमंचावर आला. पियानोपाशी.

तिथे कुणी नव्हतं...

"गप्प," लेआंद्रो पुटपुटला.

आवाज त्याच्या खांद्याशी आला.

"सेल्मिरा... गप्प बस म्हणतो ना!"

ती थांबेना.

त्यानं दोन्ही मुठी पट्ट्यांवर आदळल्या. पुन्हा. पुन्हा. मग हात उचलून कानांवर दाबले.

पियानो वाजतच राहिला.

सूर विझेनात. आणि त्यांच्यावरून ती... आता मोकळ्या गळ्यानं.

माणूस किंचाळत होता, आणि लोक उभे राहून टाळ्या पिटत होते. गाढवं!

पहाटेच्या बसनं लेआंद्रोनं गाव सोडलं. आता दोलोरेस गावात एका खोलीत राहतो. रात्रंदिवस रेडिओ लावून, तोही ठणाणा.

त्या रात्री सगळे गेल्यावर रुफिनोनं पियानोचं झाकण उघडलं. पट्टीवरून बोट काढलं की तारेवर लोकरीची चिमुकली गादी बसते, तिनंच सूर मिटतो. संध्याकाळी त्यानं त्या एकेक करून तपासल्या होत्या.

एकही नव्हती. खाली लोकरीचा धागा पडलेला नव्हता. गाद्या जिथे चिकटवलेल्या असतात त्या लाकडावर हात फिरवला... गुळगुळीत. सरसाचा डागसुद्धा नाही.