सोफ्याच्या आतली दोन नावं

मंगळवारी दुपारी मी एका घरी सोफ्याची मोडकी स्प्रिंग बदलायला गेलो. साधं काम, तासाभराचं. मी सोफे बनवतो. आमच्यात रीत आहे, तळाचं कापड ठोकण्याआधी कारागीर आतल्या लाकडावर पेन्सिलीनं आपलं नाव लिहितो. सोफा दुरुस्तीला आला की हात कुणाचा ते कळतं.

दोन वर्षांपूर्वी एका सोफ्यात मी दोन नावं लिहिली, माझं आणि माझ्या मैत्रिणीचं. समोरच्या औषधाच्या दुकानात ती काम करते. मी तिला गोळी म्हणतो, ती मला ठोक्या. आमच्या दुकानाचे मालक जेवायला गेले की शटर अर्धं ओढून आम्ही त्या अर्धवट सोफ्यावर बसायचो. तिनं मला पहिल्यांदा जवळ घेतलं ते तिथेच. तिच्या केसांत काथ्या अडकला आणि आम्ही हसून हसून बेजार झालो. ‘काथ्या’ म्हटलं की ती अजूनही हसायची, मंगळवारी सकाळीसुद्धा.

यंदा मात्र तिला भलतंच आठवायला लागलं होतं. “पिवळ्या भिंतीला टेकून तू माझे केस विंचरलेस, आठवतं?” असलं काही घडलंच नव्हतं. पण तिचा चेहरा इतका खुलायचा की मी आपला हो म्हणायचो. हळूहळू ती भिंत मलाही दिसायला लागली.

मंगळवारच्या घरातली भिंत पिवळी होती. सोफा उलटा करून कापड उसवलं, तर आत आमची नावं.

“मुलगा आणि सून कायम याच्यावरच बसलेले असायचे,” घरातल्या काकू हळूच म्हणाल्या. “गेल्या वर्षी… दुपारी इथेच डोळा लागला दोघांचा. खिडकी बंद, गॅस चालू राहिलेला…”

मला माझी गोळी परत हवी होती, बाकी काही नको. मी दोन्ही नावं पटाशीनं खरवडली, लाकूड पांढरं होईपर्यंत. यापुढे हो म्हणायचं नाही, असं ठरवूनच दुकानात परतलो.

ती वाट बघत बसली होती. मालक बाहेर गेले होते. मी मुद्दाम म्हटलं, “काथ्या.”

ती हसली नाही. “कसला काथ्या?”

तिनं शटर अर्धं ओढलं आणि शेजारी येऊन बसली.

“ठोक्या… ती दुपार आठवते? आपण झोपलो होतो. मला वास आला, मी तुला हलवलं… पुढचं आठवत नाही रे. तुला आठवतं?”

नाही म्हणायचं होतं, एवढंच. पण आमच्या दुकानात गॅस नाही, कधीच नव्हता, आणि वास येत होता. मग मला आठवलं. ती खिडकीपर्यंत पोचली होती. कडी वर होती. भिंत खरवडत तिनं हात ताणला होता…

“हो,” मी म्हणालो.

तिनं समाधानानं माझा हात धरला. तिच्या नखांत पिवळा रंग होता.