पाखरगडाच्या कागदी तोफा

पूर्वेच्या डोंगररांगेवर तांबडे फुटू लागले, तरी पाखरगडाच्या पायथ्याचे धुके अद्याप हलले नव्हते. धुके जसजसे विरळ होत गेले तसतशी सरफराजखानाची छावणी उघडी पडत गेली. दरीच्या तोंडापासून ओढ्यापर्यंत पसरलेले हिरवे डेरे, मोर्च्यांच्या मातीचे ढिगारे आणि टेकडीवरून गडावर रोखलेल्या दोन लांब पल्ल्याच्या तोफा, चार महिने गड हेच पाहत जागा होत होता. धान्याच्या अंबारखान्यात उंदीरही उरले नव्हते. सात तोफांपैकी सहा फुटल्या होत्या. उरलेली एकटी रणझुंजार, आणि तिच्यासाठीही दारूची पिंपे मोजकीच.

त्या पहाटे कुसाजी चितारी सदरेसमोर हात जोडून उभा होता. गडावरच्या देवीपुढे नवरात्रात ललित होई, त्यातल्या रावणाची, नरसिंहाची कागदी सोंगे करायला तो कोकणातून वर आला होता. सोंगे पुरी झाली नाहीत तोच वेढा पडला आणि तो गडावरच अडकला. शिबंदीला त्याचा राग होता. लढत नाही, आणि खातो तर आपल्याइतकेच, असे हशम त्याच्या तोंडावर म्हणत.

"बोल चिताऱ्या," किल्लेदार हैबतराव दळवी गरजले. "सोंगाड्याचं सदरेवर काय काम?"

"सरकार, कुमक यायला पंधरा दिवस लागतील असं ऐकतो. खानाला कळलंय की आपल्याकडे एकच तोफ राहिली. त्याला आठ दिसल्या, तर तो पंधरा दिवस थांबेल. मी रणझुंजारचा साचा काढतो आणि सात तोफा करून देतो. कागदाच्या."

सदरेवर हशा उठला. हसला नाही तो फक्त लतीफ गोलंदाज. फुटलेल्या सहाही तोफांवर त्याचीच माणसे मेली होती.

"दुरून फसेल," लतीफ म्हणाला. "मीही फसेन. करू द्या सरकार."

हैबतरावांनी त्या किरकोळ, मातीने माखलेल्या माणसाकडे पाहिले. "काय लागेल?"

"वारुळाची माती, तेल, दफ्तरातले जुने कागद. आणि चिंचोके. खळीला."

चिंचोके म्हणताच सदर चवताळली. कारण गेले आठ दिवस शिबंदी चिंचोकेच भाजून खात होती. किल्लेदारांनी दोन पोती दिली खरी, पण कोठारावरून ती उचलताना दोघा हशमांनी कुसाजीला धरून मारले, आणि त्याचा खालचा ओठ फाटला. रक्त पुसून त्याने पोती पाठीवर घेतली. कुणी हात लावला नाही.

रणझुंजारला तेल चोपडून त्याने तिच्या अंगावर मळलेली माती थापली, वाळल्यावर दोन फाकांत सोडवली, त्या फाकांच्या आत भिजल्या कागदाचे थरावर थर खळीने चिकटवले, आणि सुकलेले ते कवच साच्यातून उचलून दोन्ही अर्धे जोडले. वरून काजळ आणि तेल घोटताच ते बिडाच्या तोफेसारखे काळेशार झाले. पहिलेच कवच साच्यातून निघाले तेव्हा त्याने लतीफला हाक मारली. कान्याजवळ, म्हणजे बत्ती द्यायच्या भोकाजवळ, कागदावर केसाएवढी एक रेघ उठून आली होती.

"ही माझी नाही," कुसाजी म्हणाला. "मातीनं खरीच्या अंगावरून उचललीय."

लतीफने खऱ्या तोफेवर नख फिरवले. डोळ्याला न दिसणारी चीर नखाला लागली. तो पुटपुटला, "एक बार निभेल. दुसरा कुणी सांगावा! हे तिसऱ्याला कळता कामा नये."

दहा दिवसांत सात तोफा उभ्या राहिल्या. एका धुकट सकाळी, कागदींच्या गाड्यांवर दगड लादून आणि खरीसकट आठही गोणपाटाखाली झाकून, काही दिंडी दरवाज्याच्या बुरुजावर आणि काही उत्तरेच्या माचीवर चढवल्या आणि मगच गोणपाट काढले. खरी कुठे गेली ते किल्लेदार, लतीफ आणि कुसाजी या तिघांनाच ठाऊक होते. तीन दिवस खानाच्या मोर्च्यांतून एक माणूस पुढे सरकला नाही.

चौथ्या दिवशी दुपारी गडाचे सबनीस नरसो रंगनाथ कुसाजीच्या खोपटात शिरले. गडाचे दफ्तर, शिक्के, पत्रे सगळे यांच्याच हाती. हैबतरावांचा उजवा हात म्हणून त्यांची ख्याती. त्यांनी दार लोटून घेतले.

"कुसाजी, तुझी कारागिरी थोर. मी दोन्ही बुरूज फिरून आलो, पण तोफांना कुणी हात लावू देत नाही, आणि नुसतं बघून खरी कुठली ते मला उमगलं नाही."

"पंत, किल्लेदारांना विचारा की."

किल्लेदारांना विचारावे तर प्रश्नच आपल्या अंगावर उलटेल, हे नरसोपंत जाणून होते. त्यांनी आवाज खाली आणला.

"गड आज ना उद्या पडणार. पडल्यावर खान शिबंदी कापून काढील. ज्यांनी तुझं थोबाड फोडलं, त्यांच्यासाठी तू मरणार? मला एवढंच सांग, कुठल्या बुरुजावर नुसती सोंगं आहेत. तुझ्या गावी दोन चाहूर जमीन, खानाच्या मोहरेची सनद. नाही सांगितलंस, तर आज संध्याकाळी सदरेवर सांगेन की चितारी चिंचोके चोरताना सापडला. शिबंदी तुझं काय करील, ते तुला ठाऊकच आहे."

खोटे बोलण्याची कुसाजीला सवय नव्हती. सोंग खोटे असले, तरी ते खोटे आहे हे लोकांना आधीच ठाऊक असते. फाटल्या ओठाला त्याची जीभ लागली, आणि क्षणभर त्याला वाटले, खरेच सांगून मोकळे व्हावे. चार महिन्यांत या गडावर त्याच्याशी माणसासारखे बोलला होता तो एकटा लतीफ.

"माचीवर," तो म्हणाला. "माचीवर नुसता कागद आहे. खरी दिंडीवर."

खरी माचीवर होती.

पंत गेल्यावर तो धावतच सदरेवर गेला आणि घडले ते किल्लेदारांपुढे बोलला. हैबतराव उठले आणि त्यांनी त्याच्या मुस्काटात मारली.

"नरसोपंतांनी या गडाचं मीठ वीस वर्षं खाल्लंय! त्यांच्यावर सोंगाड्यानं बोट उचलायचं? पुन्हा जीभ हलली तर कडा दाखवीन."

कुसाजी मग माचीवर गेला. लतीफने सारे ऐकून घेतले.

"म्हणजे सगळी फौज तू माझ्याच अंगावर आणलीस."

"आणली. दुसरं सुचलं नाही."

"बरं केलंस," लतीफ म्हणाला आणि दारूचे पिंप फोडायला वाकला. "जवळ येऊ देऊ. खिळे, साखळ्या, घोड्यांचे नाल, मिळेल ते भर."

दुसऱ्या दिवशी फटफटत असतानाच खानाचे दोन हजार लोक शिड्या घेऊन माचीखाली आले. ते बेफिकीर येत होते. वरच्या तोफांकडे बोट दाखवून कुणी हसतही होते. लतीफने त्यांना तटाच्या पायाशी येऊ दिले, पहिली शिडी लागू दिली, आणि मगच तोड्याची, म्हणजे धुमसत्या दोराची, बत्ती कान्याला लावली. रणझुंजार एवढ्या मोठ्याने गरजली की तटाचे दगड निखळले. धूर सरला तेव्हा शिड्या होत्या, शिड्या आणणारे लोक नव्हते.

पण मागची फळी मोठी होती. खानाचा जमादार खालून ओरडला, "एकच आहे! भरायच्या आत चढा!"

लतीफ गज घालून नळी पुसत होता. त्याला वेळ हवा होता. कुसाजीने जळता तोडा उचलला आणि शेजारच्या कागदी तोफेमागे उभा राहिला. खालच्या प्रत्येकाला दिसेल असा हात उंच करून त्याने तोफेच्या मागे रात्रीच ओतून ठेवलेल्या दारूला बत्ती दिली. भडका उठला, धुराचा लोट आला, आणि ज्यांनी एका तोफेचा मार नुकताच पाहिला होता ते सगळे जमिनीवर आडवे झाले. तो दुसरीकडे धावला. तिथेही भडका. लोक पुन्हा आडवे. तिसरीपाशी खालच्या बंदुकांनी त्याला गाठले. गोळी कागदाच्या नळीतून आरपार गेली आणि त्याच्या उजव्या मनगटाचा चेंदा झाला. तोडा खाली पडला. तो त्याने डाव्या हाताने उचलला.

"चितारी, खाली पड!" लतीफ ओरडला. "ही फुटणार!"

कुसाजीने तटाच्या आडोशाला अंग टाकले. लतीफ तोफेच्या कान्यापासून हलला नाही. हलला असता तर नेम गेला असता. दुसरा बार सुटला आणि रणझुंजार त्याच चिरेवर फाटली. खाली खानाची फळी मोडून उतारावरून पळत सुटली. वर, जिथे लतीफ उभा होता तिथे, काळ्या धुराशिवाय काही नव्हते.

मेलेल्या जमादाराच्या कमरेला एक चिठ्ठी सापडली. "माचीवर नुसती सोंगे. खरी दिंडीस." मोडी अक्षर नरसोपंतांचे, वळणदार, सदरेवरच्या प्रत्येकाने ते वीस वर्षे वाचलेले. हैबतरावांनी ती दोनदा वाचली. मग ती पंतांच्या पुढ्यात ठेवली आणि काही न विचारता पहारेकऱ्यांना खूण केली. पंतांना कड्याकडे नेले, तेव्हा सदरेवर कुणी मान वर केली नाही.

दोन दिवसांनी कुमक पोचली आणि खानाने वेढा उठवला.

मनगटापासून हात तुटलेला कुसाजी पुन्हा सदरेवर उभा होता. नवा कारकून हुजुरास जायची वर्दी वाचून दाखवत होता. स्वामींच्या पुण्यप्रतापे गनीम मारून काढला, किल्लेदारांनी शर्थ केली, चिताऱ्याने युक्ती केली. हैबतरावांनी स्वतःच्या हातातले सोन्याचे कडे उतरवून कुसाजीच्या डाव्या हातात घातले.

"मी तुला मारलं होतं," ते म्हणाले. एवढे बोलणेही त्यांना जड गेले.

"त्या कागदात लतीफ गोलंदाजाचं नाव नाही, सरकार."

"हुजुरास जाणाऱ्या वर्दीत गोलंदाजांची नावं घालायचा रिवाज नाही."

कुसाजीने दातांनी कडे ओढून काढले आणि बैठकीवर ठेवले. "मग माझंही काढा."

हैबतरावांच्या कपाळाची शीर तट्ट फुगली. त्यांनी कारकुनाच्या हातून बोरू हिसकावून घेतला, वर्दी स्वतःकडे ओढली आणि शाईत बोरू बुडवला.

"लतीफ," लिहिता लिहिता ते म्हणाले. "बापाचं नाव?"

कुसाजीने ते कधी विचारले नव्हते. हैबतरावांनी सदरेवर नजर फिरवली. अठरा वर्षे तो माणूस त्यांच्या तोफांवर उभा होता, आणि एवढ्या माणसांत त्याच्या बापाचे नाव सांगणारा कुणी निघाला नाही. स्वतः किल्लेदारांनाही ते ठाऊक नव्हते. बोरूच्या टोकाशी शाईचा थेंब साचला. अखेर त्यांनी मान खाली घातली आणि लिहिले, "लतीफ गोलंदाज, माचीचा बुरूज."