मंदगृहातला पाचवा दिवस

जयवंत तांडेलच्या अटकेचा तो पाचवा दिवस होता. बाहेरच्या कॅलेंडरवर पाचशेवा.

मंदगृहात असंच चालायचं. शरीर गार करून, शिरेतून एक द्रव्य सोडून स्थानबद्धाला झोपवत. हृदय दीड मिनिटातून एखादा ठोका देई, आणि शंभर दिवसांत माणसाचं वय जेमतेम एका दिवसाने वाढे. डॉ. निरंजन ठोसरांनी ही युक्ती काढली होती मूत्रपिंडाची वाट बघणाऱ्या रोग्यांसाठी. सरकारने ती उचलली, ज्यांनी अजून काही केलेलं नाही पण करतील अशी भीती आहे, त्यांच्यासाठी. मारहाण नाही, उपासमार नाही. तुरुंगापेक्षा बरं, असं सगळ्यांनाच वाटलं. ठोसरांनाही.

जयवंतला नेल्यावर सहाव्या दिवशी त्याची बायको रेवती न्यायालयात गेली. तिचं म्हणणं सरळ होतं. अटकेची कारणं पाच दिवसांत कळवायची, निवेदन करू द्यायचं, आणि सल्लागार मंडळाच्या होकाराशिवाय तीन महिन्यांवर ठेवायचं नाही, असा कायदा आहे; पाच दिवस उलटले, नवऱ्याला सोडा. न्यायालयाने ठोसरांना साक्षीला बोलावून एवढंच विचारलं, की आतल्या माणसाचा किती काळ गेला? ठोसर खरं तेच बोलले. दीड तासही नाही, शंभर दिवसांत त्याचा एक दिवस जातो. निकालात या हिशेबाला ‘देहकाळ’ म्हटलं गेलं, आणि कायद्यातले तीन महिने पंचवीस वर्षांचे झाले. खरं बोलल्याची एवढी लाज ठोसरांना आयुष्यात कधी वाटली नव्हती.

आज कारणं कळवायला जयवंतला तासभर जागं करणार होते. रेवतीला आत सोडणार होते, पण बाहेरची तारीख उच्चारायची नाही या अटीवर. जनहितासाठी काही माहिती रोखून ठेवायची मुभा घटनेतच आहे. सरकारने त्यात कॅलेंडरही बसवलं होतं. कुणाच्याही तोंडून तारीख निघाली, की भेट बंद आणि निवेदनाची संधी संपली.

“त्याने दोन ओळी लिहिल्या की झालं ना?” दाराशी रेवतीने विचारलं.

“मंडळाला ऐकावंच लागेल,” ठोसर म्हणाले. “लिहिलं नाही, तर मग त्याचे तीन महिने.”

जयवंत उठून बसला तो हसतच. “काय गो, पाच दिवसांत वाळलीस किती,” म्हणाला. कारणं पाच दिवसांत कळवतात एवढंच त्याला ठाऊक होतं; देहकाळाचा निकाल तो झोपल्यानंतरचा. अधिकाऱ्याने कारणांचा कागद वाचून दाखवला. समुद्राचं पाणी गोडं करणाऱ्या कारखान्याच्या फाटकावर, पाळी सुटताना, जयवंत कामगारांना म्हणाला होता: ‘उद्या कुणीही पंपाला हात लावू नका. शहराला एक दिवस तहान म्हणजे काय ते कळू दे.’ यामुळे अत्यावश्यक पुरवठ्यास धोका संभवतो. खाली सही.

“बोललोय खरा,” जयवंत म्हणाला.

रेवतीने कोरा कागद त्याच्या पुढ्यात सरकवला. लिही, तिने सांगितलं. मग पुन्हा सांगितलं, आणि तिसऱ्यांदा तिचा आवाज चिरकला.

“अगो, तीन महिने म्हणजे काय जन्मठेप आहे?” तो तिचा हात थोपटत म्हणाला. “आज अर्ज केला तर माझी माणसं म्हणतील, पाच दिवसांत ढुंगणाला पाय लावून पळाला.”

त्याची माणसं केव्हाच पांगली होती. युनियनच्या खोलीत आता बॅटऱ्यांचं दुकान होतं. रेवतीने ओठ दाताखाली धरले आणि ठोसरांकडे पाहिलं. बोलायचं तर आत्ताच, हे त्यांना कळत होतं. पण त्यांनी बोलल्यानेही संधी जाणारच होती, आणि खरं सांगायचं तर त्यांना भीतीही वाटत होती. ते नाडीच्या पडद्याकडे बघत राहिले.

‘निवेदन करायचे नाही’ या ओळीखाली जयवंतने झोकात सही केली. तास भरला तेव्हा तो रेवतीला भाकरी वेळेवर खात जा, असं सांगत होता.

बाहेर आल्यावर तिने कारणांच्या कागदाची नक्कल मागितली. तो तिचा हक्कच होता. अपिलासाठी हवी असेल म्हणून ठोसरांनी स्वतः धावपळ करून आणून दिली. ती बाकावर बसून वाचू लागली. तिचे ओठ हलत होते, आणि ती पुन्हापुन्हा जयवंतच्या त्या दोन वाक्यांवर येत होती.

“बायकांसाठी मंदगृह आहे?” तिने विचारलं.

“आहे. का?”

“तो सुटेल तेव्हा छत्तीसचा असेल. मी अठ्ठावन्नची.” तिने कागदाची घडी घातली. “हेच बोललं की आत घेतात ना?”

अटकेची कारणं कळावीत हा हक्क माणसाला सुटण्यासाठी दिलेला होता. काहीतरी बोलायचं म्हणून ठोसर हिशेब सांगू लागले: तुम्ही आज आत गेलात, तरी त्याच्यानंतर पाचशे दिवसांनी सुटाल, त्याला एकट्याला दीड वर्ष काढावं लागेल.

“काढू दे,” रेवती म्हणाली. “मी काढलं ना.”

ती उठली आणि कारखान्याच्या रस्त्याला लागली. पाळी सुटायला वीस मिनिटं होती.