वरवंट्याची चाल

"वरवंटा कुठं हाय, माय?"

वनमालेनं स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात उभं राहून विचारलं, तेव्हा केशरबाई घुगऱ्यांच्या पातेल्यावर झाकण ठेवत होत्या. झाकण हातातच राहिलं... बारा वर्षांनी माहेरी आलेल्या लेकीनं आईशी बोललेले हे पहिले शब्द होते!

ओसरीवर पाळणा बांधून तयार होता. वनमालेच्या भावाच्या, जीवनच्या पहिल्या मुलाचं बारसं होतं. बाळंतपण त्याच्या बायकोच्या, ऋतुजाच्या माहेरी झालं, पण बारसं धारूरला, सासरीच करायचं ठरलं होतं. नाव ठेवण्याचा मान आत्याचा, म्हणून जीवन स्वतः नेकनूरला जाऊन बहिणीची मनधरणी करून आला होता. वनमाला आली, पण अट घालूनच आली. पाळण्यात आधी वरवंटा निजवायचा, मग बाळ.

अट काही जगावेगळी नव्हती. दगडाला कुंची घालून, "गोविंद घ्या, गोपाळ घ्या" म्हणत पाळण्याखालून-वरून फिरवायचं, पाळण्यात निजवायचं. नजर-पीडा काय लागायची ती दगडाला लागावी, आणि लेकरू दगडासारखं टणक व्हावं. घरोघरी ही चाल होती. याच एका घरात तेवढी नव्हती.

"आपल्यात ती चाल न्हाई, बाई," केशरबाई खाली मान घालून म्हणाल्या.

"आपल्यात म्हंजी कुणात? चुलत्याच्या घरी हाय, आजीच्या माहेरी हाय. तुझ्याच घरात कावून न्हाई?" वनमालेचा आवाज चढला. "माझ्या लेकराच्या बारशालाबी तू असंच म्हणलीस. मी गप ऱ्हायले. महिना न्हाई झाला, अन् माझा पाळणा रिकामा झाला!"

केशरबाईंनी डोळे मिटले. ते लेकरू तापानं गेलं होतं. न्यूमोनिया, असं डॉक्टर म्हणाले होते. पण गल्लीतल्या बायकांना डॉक्टरांचं कुठं पटतं! शेजारच्या विमलबाईंनी पहिल्यांदा शब्द काढला, वनमालेच्या सासूनं तो उचलला, आणि सरतेशेवटी पोटची लेकही तेच बोलू लागली... आजीनं चाल मोडली, नातू गिळला. केशरबाईंनी तो कलंक कपाळाच्या कुंकवासारखा मिरवला. कुणाला एका शब्दानं उत्तर दिलं नाही.

उत्तर नव्हतं असं नाही. ते वनमालेच्याच बारशाच्या दिवशी, घरामागच्या गोठ्यात त्यांच्या पदरात पडलं होतं. वनमालेचे वडील ज्ञानोबा तेव्हा दूरच्या एका मोठ्या तुरुंगात शिपाई होते. लेकीच्या बारशाला रजा काढून आले होते. बायकांनी कुंची घातलेला वरवंटा पाळण्यात ठेवला, पाळण्याचा दोर ताणला, करकरला... आणि हा धिप्पाड माणूस तोंडावर उपरणं धरून मागच्या दारी पळाला. केशरबाई मागोमाग गेल्या. ते भिंतीला धरून ओकत होते. तिथंच त्यांनी सगळं सांगितलं, आणि तिथंच तान्ह्या लेकीच्या डोक्याची शपथ घातली. कुणाला सांगायचं नाही! फाशीवाल्याचं घर म्हणतील, पोरीला कुणी करून घेणार नाही... केशरबाई ओसरीवर आल्या, त्यांनी पाळण्यातून वरवंटा उचलला आणि बायकांना हसून सांगितलं, "इसरलेच बघा मी! आमच्यात ही चाल न्हाई." तेव्हापासून घरात बारसं असलं की ज्ञानोबा मागच्या दारानं निघत आणि एसटी स्टँडवर जाऊन बसत.

"गप कावून? सांग की!" वनमाला म्हणाली. "न्हाई सांगायचं? मग मी निघाले. नाव कुणीबी ठेवा. ह्या घराचा उंबरा मला परत न्हाई!" तिनं कोपऱ्यातली पिशवी उचलली.

केशरबाईंच्या ओठांवर शब्द आला... आणि त्यांनी तो गिळला. "जाय बाई," त्या कशाबशा म्हणाल्या. "लेकराच्या डोक्यावर हात ठेवून जाय तेवढा."

"वने, थांब!"

मागच्या दारात ज्ञानोबा उभे होते. स्टँडवर जायला पायात चपला घातलेल्या, हातात काठी.

"अवं, तुमी जावा की..." केशरबाई घाबऱ्या झाल्या.

"न्हाई केशर. लई झालं." ते तिथंच पायरीवर टेकले. "वने, फाशी देणारा बाहेरगावाहून यायचा. पर आदल्या दिवशी दोर तपासायचं काम आमा शिपायांचं. मानसाच्या जागी वाळूचं पोतं बांधून खाली सोडायचं. ते पोतं मी भरलतं. पोतं खाली गेलं, दोर करकरला. दुसऱ्या दिवशी त्या पोत्याच्या जागी एक पोरगा व्हता. माज्यासंगं ज्वारीच्या पेरणीच्या गप्पा मारायचा... त्यानं खून केलता, मला ठाव हाय. शिक्षा बरोबर व्हती का न्हाई, ते कोर्टाला ठाव. पर आधी पोतं, मग मानूस! अन् घरी आलो तर आधी दगड, मग माजं लेकरू... मला न्हाई बगवलं. चाल मी मोडली, वने. तुज्या मायनं निस्ती अंगावर घेतली."

वनमालेच्या हातातली पिशवी खाली टेकली. ती आईकडे वळली.

"माझं लेकरू गेलं, मी तुला नको नको ते बोलले... तवाबी न्हाई सांगितलंस?"

"शपथ तुज्याच डोक्याची व्हती, वने," केशरबाई म्हणाल्या. "लेकरू गेलंच व्हतं... तुला कशी घालवू?"

चुलीवरच्या घुगऱ्या रटरटत होत्या. ओसरीवरून विमलबाईंची हाक आली, "अगं वनमाला, नाव ठिवता का लेकरू थेट शाळंतच घालता?"

"वरवंटा कुठं लपवलास?" वनमालेनं हळूच विचारलं.

"ज्वारीच्या कोठीत."

तिनं कोठीत कोपरापर्यंत हात घातला, वरवंटा काढला, पदरानं पुसला आणि त्याच्या जागी, पाट्यावर ठेवला. मग आईचा हात घट्ट धरून तिला ओसरीवर घेऊन आली. ऋतुजाच्या मांडीवरचं बाळ तिनं उचललं.

"आधी वरवंटा, गं!" विमलबाई म्हणाल्या.

"आमच्यात ती चाल न्हाई, काकू."

"अगंबाई! कवापासनं?"

"मायपासनं," वनमाला म्हणाली, आणि तिनं बाळाला पाळण्यात निजवलं.

केशरबाईंनी पदर तोंडाला लावला. बायका पाळणा म्हणू लागल्या. वनमालेनं बाळाच्या कानात नाव सांगितलं, कुर्रर्र केलं. मग मान वर करून पाहिलं. ज्ञानोबा स्वयंपाकघराच्या दारात उभे होते, पायातल्या चपला काढून.

"आबा, या की. दोरी धरा."

त्यांनी केशरबाईंकडे पाहिलं. केशरबाईंनी बसायला पाट सरकवला. ज्ञानोबांनी दोरी दोन बोटांत धरली, चटका बसावा तशी. पाळणा हलला. दोर करकरला... एकदा, दोनदा.

ज्ञानोबा उठले नाहीत.