एकसष्टावा सूट

हे मी मनाने रचलेलं नाही. रचायचंच असतं, तर स्वतःच्या नवऱ्याला यात घातलं नसतं.

रात्र नव्हती. दुपारचे साडेतीन वाजले होते. अणुवीज केंद्राचं धुलाईघर. डोक्यावर चार ट्यूबलाइट, खाली मी आणि आमच्या मुख्य मावशी.

आमचं काम साधं. अणुभट्टीच्या इमारतीत काम करणाऱ्यांचे पांढरे बॉयलरसूट आमच्याकडे येतात. आधी मोजायचे. मग प्रत्येकावरून किरणं मोजायचं यंत्र फिरवायचं. टिकटिक कमी असेल तर धुवायला टाकायचा. यंत्र कोकललं तर पिवळ्या पिंपात घालून झाकण लावायचं.

त्या दिवशी आत साठ माणसं गेली होती. साठच बाहेर आली होती.

सूट निघाले... एकसष्ट.

मावशी म्हणाल्या, कुणाला तरी थंडी वाजली असेल, दोन घालून गेला असेल. आत माणसं घामात पोहतात. आम्ही दोघी हसलो.

मी तो सूट उचलला.

बाकीचे गार पडून तास झाला होता. हा मात्र...

कोमट होता. आत्ताच कुणी अंगातून काढल्यासारखा.

यंत्र लावलं. बाह्यांवर कोकललं. गुडघ्यांवर कोकललं. पाठीवर तर काटा टोकाला जाऊन थरथरत राहिला. मग मी ते छातीच्या डाव्या बाजूला आणलं, आणि...

गप्प.

चार बोटांएवढा एक चौकोन. तेवढ्या जागेत एक टिकही नाही.

त्या जागी बॅज लावतात. अंगावर किती किरणं घेतली ते त्या बॅजवर उमटतं, महिन्याला वाचतात, माणसाच्या कार्डावर चढवतात. मर्यादा भरली की त्याला आत जायला बंदी.

दुसऱ्या दिवशी पुन्हा एकसष्ट. तिसऱ्या दिवशी मी कॉलर उलटून नंबर बघितला.

४१७.

तो माझ्या दादाचा नंबर होता. दादाला जाऊन चौदा महिने झाले होते.

दादा कंत्राटावरचा सफाईवाला. शेवटच्या उन्हाळ्यात अणुभट्टी दुरुस्तीला बंद होती, तेव्हा त्याने महिनाभर तिच्या पोटाखालचे पाइप घासले. मग रक्ताचा आजार. सात महिन्यांत माणूस संपला. कंपनीने कार्ड दाखवलं. कार्ड कोरं म्हणावं इतकं स्वच्छ. आजाराचा कामाशी संबंध नाही, विषय मिटला.

वहिनींनी तक्रार केली होती. त्यांना एकच ओळ लिहून हवी होती, की हा माणूस या कामाने गेला. पोरगी विचारते, बाबांना काय झालं होतं, तिला सांगायला काहीतरी खरं हवं. सुनावणी आठ दिवसांवर होती.

मी तो सूट वेगळ्या पिंपात घातला. कुलूप लावलं, मावशींसमोर सील केलं, किल्ली गळ्यात घातली.

मग लंबूकडे गेले. लंबू म्हणजे दादाच्या टोळीतला फिटर. उंची पाच फूट, म्हणून लंबू. आधी त्याला ड्यूटी आठवली, मग बायकोची तब्येत. मी दारातून हलले नाही. शेवटी बोलला. बॅज त्यांच्या अंगावर नसायचेच. आत जाताना बाहेर एका ड्रॉवरमध्ये काढून ठेवायचे.

"कुणाच्या ड्रॉवरमध्ये?"

त्याने मान वर केली नाही.

"तुझ्या घरी विचार, ताई."

त्या कामावर सुपरवायझर माझा नवरा होता. दादाला तिथे चिकटवलं होतं तेही त्यांनीच.

हे जेवत होते. मी विचारलं. मग मीटिंगमध्ये बोलतात तसं बोलायला लागले. कोळसा वेळेवर येत नाही, धरणं आटतात, वारा पडतो. आपलं युनिट रात्रंदिवस एकसारखं चालतं, त्याच्यावर शहरं उभी आहेत, दवाखाने उभे आहेत. तीस दिवसांत सुरू करायचं होतं. सव्विसाव्या दिवशी वरून तासातासाला फोन. बॅज भरले असते तर नवी माणसं कुठून आणायची?

सगळं खरं असेल. देशाला वीज लागते, मलाही लागते. मी एवढंच म्हटलं, "आणि माझा भाऊ?"

"तोच म्हणाला, दाजी, माझा बॅज राहू द्या तुमच्याकडे. घरचा माणूस म्हणून विश्वासाने दिला त्याने."

हे त्यांनी स्वतःच्या बचावासाठी सांगितलं. आपण काय बोललो ते त्यांना कळलंसुद्धा नाही.

त्याच संध्याकाळी मी पिशवी भरली आणि वहिनींकडे राहायला गेले.

सुनावणीला लांब टेबल, पलीकडे तीन अधिकारी. लंबू आलाच नाही. माझा नवरा आला, कंपनीचा साक्षीदार म्हणून. बॅज कायम छातीवर असायचे, म्हणाला. माझ्याकडे बघून म्हणाला.

मी पिंप पुढे आणवलं. सील शाबूत. कुलूप माझं. किल्ली माझ्या गळ्यातली.

झाकण उघडलं...

पिंप रिकामं.

एक धागा नाही. यंत्र आत घातलं, साधी टिकही नाही. एका अधिकाऱ्याने मला पाण्याचा ग्लास दिला. वेड्या बाईला देतात तसा.

तक्रार फेटाळली. वहिनी वाटभर माझ्याशी एक शब्द बोलल्या नाहीत.

नवरा खोटं बोलला, ते एक वेळ समजतं. त्याला नोकरी आहे. पण दादा? तीन दिवस ओळीने आलास. मी तुझ्यासाठी घर सोडलं. आणि नेमक्या दिवशी...

त्यानंतर धुलाईघरात रोज साठ माणसांचे साठच सूट येतात.

पण केंद्रातून बाहेर पडताना एक फाटक आहे. त्यात उभं राहायचं, दोन्ही हात खाचेत घालायचे. यंत्र अख्खं अंग मोजतं आणि टेप केलेला बाईचा आवाज सांगतो, जा. सगळ्यांना सांगतो. सुनावणीपासून मला मात्र म्हणतो...

"कृपया एका वेळी एकानेच उभे राहावे."

तंत्रज्ञाने दोनदा आतले भाग बदलले. माझ्या आधी मावशी उभ्या राहून बघतात. त्यांना यंत्र सरळ सोडतं.

काल मला राहवलं नाही. पहारेकरी बघत होते, बघू देत. मी मोठ्याने म्हटलं, "तिकडे यायचं होतं ना, दादा. इथे काय उभा राहतोस?"

मी हात पुन्हा खाचेत घातले, यंत्राने पुन्हा अख्खं अंग मोजलं.

मग परत तेच म्हणालं.