चाळिसावी बाई

ही घटना खरी आहे. अकरा वर्षं मी ती कुणालाही सांगितली नाही.

भीती वाटते म्हणून नाही... लाज वाटते म्हणून.

आणि ही रात्रीची गोष्ट नाही. मंगळवार होता. दुपारचे तीन वाजून दहा मिनिटं. बाहेर लख्ख ऊन.

तेव्हा मी चोवीस वर्षांची होते आणि एका अकादमीत नोकरी करत होते. काळ आणि पर्यायी वास्तव यांचा अभ्यास करणारी संस्था. नाव भारदस्त, पण जागा म्हणजे एका जुन्या इमारतीचा तिसरा मजला, कुरकुरणारा लाकडी जिना आणि चार खोल्या. आमचे शिपाईकाका म्हणायचे, "काळाचा अभ्यास करतात म्हणे! एक मीटिंग वेळेवर सुरू होईल तर शपथ."

माझं काम घरोघरी जाऊन फॉर्म भरून आणायचं. लोकांना एकच विचारायचं. आयुष्यातला असा कुठला क्षण, की तिथे तुम्ही वेगळं वागला असतात तर पुढचं सगळंच वेगळं झालं असतं? संचालक बाईंचं म्हणणं होतं, की जे आयुष्य आपण जगलो नाही तेही कुठेतरी चालू असतं. मी मान डोलवायचे. मला नोकरी हवी होती.

महिन्याला चाळीस फॉर्म द्यावे लागत.

त्या महिन्यात माझे एकोणचाळीस झाले. शेवटचा दिवस. पायांचे तुकडे पडले होते. मी एका रिकाम्या प्लॉटच्या कुंपणाला टेकून बसले आणि चाळिसावा फॉर्म... मनानेच भरला.

वय एकसष्ट. शिवणकामाच्या निवृत्त शिक्षिका. पत्ता त्या प्लॉटचाच टाकला. 'घर क्रमांक सतरा, दुसरा मजला.' तिथे कमरेएवढ्या गवताशिवाय काही नव्हतं.

मग तो क्षण. मी लिहिलं, की त्यांना एकोणीस वर्षांची मुलगी होती. एका सकाळी ती म्हणाली, "आई, आज नको जाऊ का?" आई म्हणाली, "जा. दांडी मारायची नाही." मुलगी ज्या बसने गेली ती पुलावरून खाली कोसळली.

खरं वाटावं म्हणून शेवटी एक ओळ टाकली. 'बोलताना बाई सतत उजव्या हाताचा अंगठा चोळत होत्या.'

दहा मिनिटं लागली. घरी जाऊन पोटभर जेवले आणि गाढ झोपले.

पुढच्या मीटिंगमध्ये संचालक बाईंनी तोच फॉर्म सगळ्यांना वाचून दाखवला. वाचता वाचता त्यांनी चष्मा काढून डोळे पुसले. "याला म्हणतात ऐकणं," त्या म्हणाल्या. "माणूस तुझ्यापाशी मोकळं होतं गं."

मला तेव्हा लाज वाटायला हवी होती.

मला अभिमान वाटला.

वर्ष उलटलं. नियम असा होता, की वर्षाने प्रत्येकाला पुन्हा भेटायचं आणि माणूस तीच गोष्ट तशीच सांगतो का ते पाहायचं. त्याआधी ऑफिसमधून पत्र जायचं. चाळिसाव्या बाईंनाही पत्र गेलं. परत येईल, मी मनात म्हटलं. पत्ताच नाही तर पोस्टमन देणार कुणाला?

पत्र परत आलं नाही.

त्या मंगळवारी मी टेबलाशी बसले होते. शिपाईकाका दारात आले.

"ताई, तुमच्याकडे एक बाई आल्यात. बाहेर बाकावर बसवलंय."

मी चमकले. आमचा जिना असा, की मांजर चढलं तरी आवाज यायचा.

मी काहीच ऐकलं नव्हतं...

बाहेर गेले. बाकावर एक साठीची बाई बसली होती. मांडीवर आमच्या ऑफिसचं पत्र, नीट घडी केलेलं. आणि उजव्या हाताचा अंगठा...

ती अंगठा चोळत होती.

तिथली कातडी पार सोलवटून गेली होती. लालबुंद. तरी हात थांबत नव्हता.



"बस ना बाळा," ती म्हणाली. "घरी एकजण येऊन लिहून घेऊन गेली होती. ती तूच का?"

मी बाकाच्या दुसऱ्या टोकाला बसले.

"मला एकच विचारायचं होतं. मी सांगताना माझ्या मुलीचं नाव सांगितलं होतं का गं?"

"म्हणजे?"

"आठवत नाही मला." ती हळू आवाजात बोलत होती, कुणी ऐकू नये असं. "आईला मुलीचं नाव आठवू नये, कुणाला सांगायची सोय आहे का? तिचं लहानपण आठवत नाही. तिचा चेहरा आठवत नाही. मला फक्त ती सकाळ आठवते. ती म्हणते, आई, आज नको जाऊ का... आणि मी म्हणते, जा. रोज उठते तर तीच सकाळ. त्याच्या अलीकडे काही नाही, पलीकडे काही नाही. असं कसं होईल?"

मी नाव लिहिलंच नव्हतं.

सुचलं नव्हतं. फॉर्मवर त्याला रकानाही नव्हता.

तेव्हा मी तिच्या पाया पडायला हवं होतं. निदान एखादं नाव तरी द्यायला हवं होतं. कुठलंही. ती तेवढ्यावर गेली असती.

मी म्हणाले, "मावशी, ती दुसरी मुलगी होती. नोकरी सोडून गेली."

ती माझ्या गळ्यातल्या ओळखपत्राकडे बघत राहिली. त्यावर माझं नाव होतं, फोटो होता. बराच वेळ बघत राहिली...

"बरं," ती म्हणाली. "भेटली तर विचार."

मी मान खाली घातली. वर केली तेव्हा बाक रिकामा होता. जिना या वेळीही वाजला नाही.

मी काकांना विचारलं, "त्या बाईंचे कपडे कुठल्या रंगाचे होते हो?"

काकांनी डोकं खाजवलं. "नाही बुवा सांगता येत. आत्ताच तर पाहिलं..."

मलाही सांगता येत नव्हतं. फॉर्मवर तेही नव्हतं.

संध्याकाळी मी तो फॉर्म पुढ्यात घेतला. दुसऱ्या भेटीचा रकाना कोरा होता. तिथे मी काहीही लिहू शकत होते. 'मुलगी त्या दिवशी घरीच राहिली.' एवढं एकच वाक्य.

पण तो फॉर्म सगळ्यांना पाठ होता. गोष्ट बदलली असती तर मी पकडले गेले असते.

मी लिहिलं, 'पत्ता बदलला. भेट होऊ शकली नाही.'

फाइल बंद केली. जीव भांड्यात पडला.

दुसऱ्या दिवशी पोचले तर काका जिन्याच्या तोंडाशीच उभे.

"ताई, कालच्या बाई पुन्हा येऊन गेल्या. हातात कपड्यांची पिशवी होती. म्हणत होत्या, मला घरातून निघायला सांगितलंय, पण कुठे जायचं ते कुणी सांगत नाही. रडत नव्हत्या. नुसत्या विचारत होत्या. तुमच्या कोण लागतात हो?"

"कोणी नाही," मी म्हणाले. नवा पत्ता मी लिहिलाच नव्हता.

महिनाभरात मी नोकरी सोडली. संचालक बाईंना खरं सांगितलं नाही. तो फॉर्म पुढे त्यांच्या पुस्तकात छापून आला. लोक अजून त्याचा दाखला देतात.

त्यानंतर मी तीन घरं बदलली.

पहिल्या घरी शेजारीण म्हणाली, "खाली एक बाई पिशवी घेऊन बसली असते, बिचारी पत्ता विचारते सगळ्यांना." दुसऱ्या घरी दूधवाला तेच म्हणाला. मी एकदाही खाली जाऊन पाहिलं नाही. ती खाली असायची त्या वेळेला मागच्या दाराने जायचे.

हे सगळं आज लिहायला बसले, कारण दुपारी खालून वॉचमनचा फोन आला.

"ताई, एक आजीबाई आल्यात. मुलीकडे आलेय म्हणतात. वर पाठवू?"



"चुकून आल्या असतील," मी कशीबशी म्हणाले. "मुलीचं नाव काय सांगतात?"

तो फोन बाजूला धरून विचारत होता. पलीकडून काहीतरी हळू बोलणं ऐकू आलं...

"तुमचंच सांगतात, ताई. खुशीत आहेत. म्हणतात, एकदाचं आठवलं."

एक शब्द बोलले असते तर ती वर आली असती. तिच्यासाठी तेवढं करणं माझ्या हातात होतं.

"सांगा, इथे त्या नावाचं कोणी राहत नाही."

माझ्या नावाची पाटी वॉचमनच्या समोरच्याच बोर्डावर आहे.

"बरं," तो म्हणाला, आणि त्याने फोन ठेवला.